वगैरे

"मुकादमाला धाकटा वगैरे चौघांनी मारलं," गोदामाच्या वॉचमनने साक्ष दिली आणि आमचा वकील खूश झाला. सुट्टीत माझ्या कानाशी येऊन म्हणाला, "वगैरेला शिक्षा होत नसते. कोणी नेमकं काय केलं ते सिद्ध व्हावं लागतं. तुम्ही फक्त तोंड बंद ठेवा."

माझं डोकंच फिरलं. जन्मभर मी वगैरेच! धाकटा शिंकला तरी घर गोळा होणार, दुकानाच्या पाटीवर नाव त्याचं, आणि आता हा खूनही त्याच्याच नावावर? मुकादमाच्या डोक्यात पहार मी घातली होती. आमचं हे लाडकं रत्न तेव्हा दारात उभं राहून लटलट कापत होतं.

सुट्टीनंतर मी आरोपीच्या पिंजऱ्यातून ओरडलो, "साहेब, पहार माझ्या हातात होती! धाकट्याने बोटसुद्धा लावलं नाही!"

सगळं कोर्ट माझ्याकडे वळून बघायला लागलं. आयुष्यात पहिल्यांदाच.

पोलीस मला बाहेर नेत होते, तेवढ्यात वडील धावत आले. माझे हात धरून रडत म्हणाले, "भाऊ असावा तर असा रे! धाकट्यासाठी एवढं खोटं बोललास!"