‘अनोळखी’ नावाची फाइल

“छायाताई, एकच बाई दोनदा कशी मरेल?” ऋतिकाने फोनवर हसत हसत विचारलं.

छायाने चष्मा कपाळावर सरकवला. समोरच्या पडद्यावर चौकटींची लांबलचक यादी होती आणि त्यातल्या दोन ओळी लाल झाल्या होत्या.

ऋतिका मुंबईच्या एका वृत्तसंस्थेत पत्रकार. तिच्या कामाची पद्धत ऐकून छायाला आधी गंमतच वाटली होती. ही मुलगी जुन्या बातम्या गोळा करायची, कॉम्प्युटरवर चौकटींत भरून घ्यायची आणि रस्त्यावर कुठे, कधी, किती माणसं गेली याचा नकाशा काढायची. चौक गाव ते खालापूर या पट्ट्यातल्या बारीकसारीक अपघातांच्या बातम्या मोठ्या पेपरांनी कधी छापल्याच नव्हत्या. त्या होत्या फक्त कर्जतच्या या आठ पानी साप्ताहिकात, आणि त्यातली एकूण एक बातमी टाइप केली होती छायाने. बावीस वर्षं. तिचं नाव मात्र अंकात कधी आलं नव्हतं आणि त्याबद्दल तिची तक्रारही नव्हती.

गेले दोन महिने ती जुन्या अंकांतून त्याच बातम्या पुन्हा भरत होती. तारीख, ठिकाण, वय, वर्णन, नाव. नावाच्या चौकटीत बहुतेक वेळा एकच शब्द, अनोळखी. पहिल्यांदा टाइप करताना ही माणसं भराभर निघून गेली होती. पान लावायची घाई असायची. आता ती एकेक करून परत येत होती आणि जायचं नाव काढत नव्हती. भाजी चिरताना एखादी निळी चप्पल आठवायची. देवाला दिवा लावताना कोणाच्या तरी खिशातलं अर्धं तिकीट.

“ओळ एक्केचाळीस बघा, सन दोन हजार नऊ,” ऋतिका सांगत होती. “आणि ओळ एकशे ब्याण्णव, सतरा सालची. दोन्हीकडे कुंभिवली फाटा. दोन्हीकडे हिरवी साडी, उजव्या हातावर बदामाचं गोंदण, वय तीस ते पस्तीस. प्रोग्रामने बरोबर पकडलं. जुनीच बातमी चुकून परत छापली गेली असणार. मी दुसरी काढून टाकते. तुम्ही फक्त हो म्हणा.”

छायाच्या जिभेवर ‘हो’ आला होता. तो तिने गिळला.

“उद्यापर्यंत थांब गं,” ती म्हणाली. “मला एकदा बघू दे.”

तिने फोन ठेवला. जुनी बातमी परत छापली गेली नव्हती, हे तिला चांगलं ठाऊक होतं.

त्याचं असं होतं. गुरुवारी पानं छापखान्यात जायची आणि कर्जतची वीज तर गुरुवारची वाटच बघत बसलेली. खालापूरचे वार्ताहर लडकूभाऊ फोनवरून बातमी सांगायचे, ‘लिव गं छाया’ म्हणून सुरुवात करायचे, आणि ती पेन्सिलीने वहीत उतरून घ्यायची. मग टायपिंग. वेळ वाचावा म्हणून तिने एक साचा करून ठेवला होता. फाइलचं नावच ‘अनोळखी’. त्यात दोन हजार नऊ सालची ती हिरव्या साडीतली बाई तशीच होती. नवीन कोणी गेलं की फाइल उघडायची, तारीख बदलायची, ठिकाण बदलायचं, वर्णन बदलायचं. हिरव्या साडीची बाई तात्पुरती पुसली जायची आणि पुढच्या वेळी फाइल उघडली की पुन्हा हजर. ती काही कुठे जात नव्हती.

ऑफिसच्या पोटमाळ्यावर वह्यांची पोती होती. छाया स्टुलावर चढली. सतरा सालची वही सापडायला तास गेला. जानेवारीतला एक गुरुवार. तिचंच अक्षर, घाईघाईचं.

‘कुंभिवली फाटा. बुधवारी पहाटे. महिला, ३० च्या आसपास. जांभळी साडी. हनुवटीवर तीन ठिपके गोंदलेले. बोचक्यात तांदूळ, लहान मुलीचा फ्रॉक. लाल, पांढरी फुलं. ओळख पटली नाही. मृतदेह शनिवारपर्यंत ठेवणार.’

आणि खाली, कोपऱ्यात: ‘लाइट गेली.’

तिला सगळं आठवलं. इन्व्हर्टर टी टी करत होता. पान अडलं होतं. तिने तारीख बदलली. ठिकाण तेच होतं. खालच्या दोन ओळी बदलायच्या राहून गेल्या आणि पान गेलं.

एवढ्यावर भागलं असतं तर चूक म्हणून सोडून देता आलं असतं. पण जांभळी साडी तिने आज वहीत वाचायच्या आधी कुणाच्या तरी तोंडून ऐकली होती. छाया त्या पोत्यांच्या धुळीत खालीच बसली.

कळंबच्या वरच्या वाडीतला मंगळ्या. त्याची बायको ठमी खालापूरकडच्या वीटभट्टीवर कामाला म्हणून निघाली ती पोचलीच नाही. इकडच्या पोलीस ठाण्यात ती हरवलेली, तिकडच्या ठाण्यात बेवारस, आणि हे दोन कागद कधी समोरासमोर आले नाहीत. कोणीतरी मंगळ्याला सांगितलं, पेपरात बघ. तो त्याच शुक्रवारी आला, ताजा अंक गठ्ठ्यात होता तेव्हाच. वाचता येत नव्हतं. तेव्हा छायानेच त्याला वाचून दाखवलं होतं. कुंभिवली फाटा. हिरवी साडी. उजव्या हातावर बदाम.

“नाय, बाय, ती जांभळी नेसलीवती. आन हातावं नाय, हनवटीवं गोंदलंय,” तो म्हणाला होता. त्याचा जीव भांड्यात पडलेला तिने डोळ्यांनी पाहिला होता. त्याला चहा दिला होता तिने. आणि पेन्सिलीची वही तिच्या कोपराखालच्या ड्रॉवरमध्ये होती. तेव्हासुद्धा तिला ती उघडून बघावंसं वाटलं नाही. छापलेलं चुकीचं असेल हे तिच्या मनातच आलं नाही.

तेव्हापासून दर शुक्रवारी मंगळ्या येतो. एखादा चुकला असेल तर चुकला. टोपली पायरीवर ठेवतो, दारातून एकच विचारतो, “छायाबाय, काय आलं का?” आणि ती म्हणते, “नाही रे मंगळ्या.” आठ वर्षं.

संध्याकाळी तिने राजेशदादांना वही दाखवली. संपादक, मालक, जाहिरात विभाग, सगळं तेच. माणूस वाईट नाही, पण कटकट नको असते.

“अगं, ती मुलगी काढतेय ना ओळ? काढू दे की,” ते म्हणाले. “मुंबईवाल्यांपुढे आपली शोभा कशाला? आणि अनोळखीला विचारायला येतंय कोण?”

“येतो,” छाया म्हणाली. “उद्या येईल.”

राजेशदादांनी वही मिटून तिच्या हातात दिली आणि बराच वेळ टेबलावरचे कागद सारखे करत राहिले. “तुझं तू बघ मग,” एवढंच बोलले.

रात्री ती वही समोर घेऊन बसली. एक ‘हो’ म्हटलं की संपलं असतं. ओळ गेली असती, चूक गेली असती, आणि ठमी दुसऱ्यांदा गेली असती. मंगळ्या शुक्रवारी येतच राहिला असता. ‘नाही रे मंगळ्या’ हे शब्द आता आपल्याला म्हणता येतील का, याचाच विचार ती करत राहिली. तिला वाटलं, येणार नाहीत.

शुक्रवारी अकराच्या सुमाराला पायरीवर टोपली टेकल्याचा आवाज आला. टोपलीत विकायला आणलेली कंटोळीची रानभाजी होती, पानांनी झाकलेली.

“छायाबाय, काय आलं का?”

“आत ये, मंगळ्या. बस.”

तो खुर्चीवर बसला नाही, उंबऱ्याशी उकिडवा बसला. छाया खुर्ची सोडून त्याच्यासमोर जमिनीवर बसली. वही उघडली. आदल्या दिवशी जुळवलेली वाक्यं सगळी पळून गेली होती, म्हणून तिने सरळ वाचायला घेतलं. जांभळी साडी. हनुवटीवर तीन ठिपके. तांदूळ. लहान मुलीचा फ्रॉक.

“फराक कोनता?” त्याने विचारलं.

“लाल. पांढरी फुलं,” वहीतली पुढची ओळ बघून ती म्हणाली.

“आमच्या पोरीचा, तेजीचा,” मंगळ्या म्हणाला. “उसवलावता. भट्टीवं शिवीन म्हनून संगती नेला.”

मग छायाने बाकीचं सांगितलं. साचा, वीज, घाई. अंकातलं वर्णन दुसऱ्याच बाईचं होतं आणि ते आपल्या हातून राहिलं, हे तिने दोनदा सांगितलं.

मंगळ्याने टोपली आपल्याकडे ओढली.

“तू वाचलंस, बाय,” तो म्हणाला. “तुज्या तोंडानं वाचलंस. हिरवी म्हनालीस.”

“हो रे.”

“मी त्या दिशी घरी जाऊन जेवलो. पोटभर जेवलो. आयला सांगितलं, आपली नाय ती.” तो थांबला. “आन ती तितं व्हती.”

“शनिवारपर्यंत होती.”

छायाला वाटलं, शिव्या देईल तर बरं. त्याने दिल्या नाहीत. तिला कुठे पुरलं, हे त्याने विचारलं तेव्हा तिला खाली बघावं लागलं. ती नोंद वहीत नव्हती, आणि लडकूभाऊ कोरोनात गेले होते.

“तेजीच्या लग्नात मी हळदीला दाराकडं तोंड करून बसलोवतो,” तो म्हणाला. “यायची म्हनून. आन पित्रांना समद्यांची पानं मांडतो, तिचं मांडलं नाय. जित्या मानसाचं पान कुनी मांडतं का?”

छाया उठली आणि खुर्चीवर बसली. डोळे पुसले, चष्मा लावला. ऋतिकाची यादी उघडून तिने एकशे ब्याण्णव ओळ काढली. हिरवी पुसली, जांभळी लिहिलं. बदाम पुसला, हनुवटीवरचे तीन ठिपके लिहिले, वय तीस ते पस्तीस असं वाचून दाखवलं. नावाच्या चौकटीत कर्सर लुकलुकत होता.

“ठमी मंगळ्या, पुढे आडनाव काय लावू?”

“पारधी,” तो म्हणाला. तो उठून तिच्या मागे येऊन उभा राहिला होता. “आन वय लय लिवलंय. सव्वीसची व्हती ती.”

तिने सव्वीस केलं. दोन्ही ओळींचा लाल रंग एकदम गेला. ऋतिकाला तिने निरोप पाठवला: दोघी वेगळ्या आहेत, चूक माझी आहे, सविस्तर बोलते. मग नकाशा उघडला. कुंभिवली फाट्यावर जिथे एक ठिपका होता तिथे आता दोन झाले.

“ही का ती?” मंगळ्याने बोट काचेजवळ नेलं, पण टेकवलं नाही.

“ही.”

“आन ही दुसरी? ती हिरवीवाली?”

“ती नऊ सालची. तिचं कोणी आलंच नाही.”

मंगळ्या त्या दुसऱ्या ठिपक्याकडे बघत राहिला. बाहेर कोणीतरी कंटोळ्यांचा भाव विचारत होतं, त्याकडे त्याचं लक्ष नव्हतं.

“इतकी सालं तिच्यावं भरवसा ठेवून बसलो,” तो म्हणाला. “ती हिरवी हाय तवर माजी जिती व्हती.”

त्याने खाली वाकून टोपलीवरची पानं सारखी केली. टोपली डोक्यावर घेतली आणि दारात जरा थांबला.

“पित्रांच्या अवसेला दोन पानं मांडतो,” तो म्हणाला, आणि पायऱ्या उतरला.