टाकीवालीचं वाक्य

माझा स्वभाव तापट आहे, हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढे कुणाची तक्रार नको. तेहेतीस वर्षं सोलापुरात इंग्रजी शिकवलं. माझ्या वर्गात स्पेलिंग चुकवून कुणी सुखानं घरी गेलं नाही. निवृत्त होऊन वर्ष झालं, तरी बाळीवेशीत भाजी घेताना चाळिशीचे बाप्ये मला बघून सिगारेट पाठीमागे लपवतात. मला ते आवडतं.

त्यातलाच एक अमृत. मूळचा माढ्याचा, शाळेसाठी मामाकडे सोलापुरात राहिलेला. आता पुण्यात पुस्तकं संपादित करतो. मराठी मुलांसाठी इंग्रजी क्रियाविशेषणांचा कोश काढायचा त्यानं घाट घातला आणि जुन्या शिक्षकांना शंभर-शंभर शब्द वाटून दिले. नियम दोन. प्रत्येक शब्दाखालचं वाक्य आपल्या भागात खरोखर घडणाऱ्या गोष्टीचं हवं, आणि ज्याचं वाक्य त्याचं नाव खाली छापायचं. नव्याण्णव शब्द मी बावीस दिवसांत संपवले. शंभरावा होता 'अनस्मूदली'.

शब्द फारसा कुणी वापरत नाही. मीही उभ्या जन्मात दोनदा-तीनदाच वाचला असेल. अर्थ तसा सोपा: जे गुळगुळीत नाही, सुरळीत नाही, त्या रीतीनं. नातेपुत्याची एसटी खड्ड्यांतून धक्के खात जाते, ती तशी जाते. लग्नाची बोलणी मानपानावर अडत-अडत पुढे सरकतात, तीही तशीच. घसा बसलेला माणूस भाषण करतो, तेही तसंच. छापील कोशांत त्याला 'खडबडीतपणे' असा प्रतिशब्द देऊन मोकळे होतात. सोलापूर जिल्ह्यात कुणी कुणाला 'खडबडीतपणे' म्हटलेलं मी तरी ऐकलेलं नाही.

पण मला या शब्दाचं वाक्य शोधावं लागलं नाही. ते माझ्या घरातच चहा पीत बसलं होतं.

माझी आई मल्लव्वा टाकीवाली आहे. आम्ही तिला अव्वा म्हणतो. दळून दळून जात्याचा दगड गुळगुळीत झाला की त्यावर दाणा नुसता घसरतो. मग टाकी नावाची टोकदार पोलादी छिन्नी आणि हातोडी घेऊन दगडाचं तोंड पुन्हा खरखरीत करावं लागतं. अव्वा खांद्यावर पिशवी आणि काखेत मला घेऊन 'जात्याला टाकी, पाट्याला टाकी' असं ओरडत गल्लोगल्ली फिरायची. जाती गेली, मिक्सर आले, मग ती पिठाच्या चक्क्यांचे दगड करायला लागली. त्याच हातोडीवर तिनं मला एम.ए. केलं. शाळेत पहिल्या दिवशी मी मुलांना माझं नाव सांगायची, आणि लगेच आईचा धंदा सांगायची. कुणी हसलं तर बाकावर उभं करायची.

अव्वा आता चौऱ्याहत्तर वर्षांची आहे. दोन्ही डोळ्यांचं ऑपरेशन झालंय. एवढ्या वर्षांत तिचं नाव छापलं गेलं ते रेशनकार्डावर आणि मतदारयादीत, आणि मतदारयादीत तेही चुकीचं. तिचं काम एकदा तरी पुस्तकात यावं, असं मला फार दिवसांपासून वाटत होतं. म्हणून मी वाक्य लिहिलं. त्याचा मराठी अर्थ असा: 'आईनं टाकी लावली की चक्की अनस्मूदली चालते आणि पीठ मऊ येतं.' लिहून झाल्यावर मीच ते चार वेळा वाचलं आणि स्वतःला पूर्ण गुण दिले.

आठवड्यानं अमृतचा फोन आला.

"बाई, नव्याण्णव वाक्यं उत्तम आहेत."

"आणि शंभरावं?"

"ते जरा... बाई, हा शब्द दोष दाखवायला वापरतात. यंत्र तसं चालत असेल, तर ते बिघडलंय असा अर्थ होतो. तुम्ही तर कौतुक करताय. मुलांचा गोंधळ होईल."

"मुलांचा की तुझा?"

"मी तिथे एसटीचं वाक्य टाकू का? बस रस्त्यावरून..."

माझा पारा चढला. ज्या मुलाला मी 'नेसेसरी'त किती एस आणि किती सी हे सातवीत दहा वेळा लिहायला लावलं, तो माझ्या आईला काढून एसटी घालणार! "तू कधी चक्कीचा दगड उघडलेला बघितलायस?" मी विचारलं. नव्हता बघितला. "मग रविवारी ये. शिवशरणच्या चक्कीवर अव्वा टाकी लावणार आहे. डोळ्यांनी बघ आणि मग काय कापायचं ते काप."

"मंगळवारी पुस्तक छापायला जातंय, बाई. रविवारी पटलं तर तुमचं वाक्य राहील. नाही पटलं तर एसटी."

"ये तर खरं," मी म्हणाले आणि फोन आपटला. मोबाइल आपटता येत नाही, म्हणून गादीवर आपटला.

रविवारी सकाळी नऊला अमृत हजर झाला. हातात चामड्याची बॅग, पायात पांढरे बूट. पिठाच्या चक्कीवर पांढरे बूट घालून येण्याची अक्कल तेवढी त्यानं दाखवली. शिवशरण आमच्या ओळखीतला. त्याच्या वडिलांपासून या चक्कीचे दगड अव्वाच करते. त्यानं मध्यंतरी कुणाकडून तरी विजेच्या ग्राइंडरनं दगडावर रेघा मारून घेतल्या होत्या. त्या महिनाभरात झिजल्या. गिऱ्हाईक कुरकुरायला लागलं, तेव्हा त्यानं गुपचूप अव्वाला निरोप धाडला.

"मावशी, चुकलं बघा आमचं," तो म्हणाला.

"चुकू दे की. चक्की चालू कर, ऐकू दे," अव्वा म्हणाली.

त्यानं कळ दाबली. चक्की थरथरत सुरू झाली. पट्टा मध्येच सटकायचा, मोटार कण्हायची, मग एकदम धडधड व्हायची. नळीतून पीठ पडायचं ते कधी भसकन, कधी चिमूटभर. अमृतनं हात खाली धरला आणि झटकन मागे घेतला. पीठ चांगलंच तापलं होतं.

"जळतंय त्ये," अव्वा त्याला म्हणाली. "असल्या पिठाला जिगट ऱ्हात न्हाय. भाकरी थापताना चिरती. आता बंद कर रं."

शिवशरणनं साखळीनं वरचा दगड उचलून उलटा केला. त्याचं तोंड फरशीसारखं चकचकत होतं. अव्वानं पोतं अंथरलं, मांडी घातली, चष्मा काढून माझ्या हातात दिला. "ह्यानं उगं धूळ बसती," म्हणाली. बाळाची टाळू बघावी तसा तिनं डाव्या हाताचा पंजा दगडावरून फिरवला. मग टाकी टेकवली.

टक्, टक्, टक्. मधल्या भोकापासून काठाकडे. आत खोल, बाहेर येता येता बारीक. एक रेघ झाली की फुंकर, फुंकर झाली की पंजा. चुकीचा घाव एक नाही. मी लहानपणापासून हे बघत आलेय, तरी त्या दिवशी माझा ऊर भरून आला. अमृत सुरुवातीला उभा होता, मग पोत्यावर बसला, मग बुटांची पर्वा सोडून खाली जमिनीवर बसला. दोन्ही दगड व्हायला अडीच तास लागले. मध्ये एकदाच अव्वा थांबली, पाणी प्यायली, आणि अमृतला म्हणाली, "तू पुन्याचा ना? मग गप बसून कसं काय ऱ्हायलास?"

दगड बसवले. आधी पायलीभर हलकी ज्वारी दळून घेतली. दगडाची कच निघून जावी म्हणून दळायचं आणि ते पीठ टाकून द्यायचं, अशी रीत आहे. मग मंगळवेढ्याची शाळू ज्वारी ओतली. शिवशरणनं कळ दाबली.

चक्की नुसती घुमली. थरथर नाही, धडधड नाही. पट्टा जागच्या जागी पळत होता आणि पीठ एका सारख्या धारेनं पडत होतं. अमृतनं पुन्हा हात धरला. या वेळी त्यानं तो मागे घेतला नाही.

"बघितलंस?" मी म्हणाले. आवाजात जरा जास्तच मिजास होती, कबूल करते. "दगड खरखरीत झाला आणि पीठ मऊ आलं. आता माझं वाक्य वाच अव्वाला. मराठीत सांग."

त्यानं कागद काढला आणि सांगितलं, "आज्जी, बाईंनी असं लिहिलंय, की तुम्ही टाकी लावली की चक्की अडखळत, खडखडत चालते आणि पीठ मऊ येतं."

अव्वानं पदरानं तोंड पुसलं आणि माझ्याकडे बघितलं. "हे तू लिवलंस?"

"हो."

"इल्ला," ती म्हणाली. कन्नडमध्ये 'नाही' म्हणाली, की ते शेवटचं नाही असतं. "खडखडत चालती? आगं, मगाशी चालत हुती ती खडखडत. दगड गुळगुळीत झाला की दाना घसरतो. मग ह्यो शिवशरण दगड आवळतो, मोटर वडत न्हाय, पट्टा सटकतो. दगडाला दात फुटलं की चक्की शांत. खरखरीत दगडाचं त्वांड आसतं, चालनं न्हवं. येवढी शिकलीस आनि चक्कीला नावं ठिवलीस की!"

शिवशरण हसला. अमृत हसला नाही, एवढा शहाणा होता. मी कानापर्यंत लाल झाले. तेहेतीस वर्षं लोकांच्या चुका काढणारी बाई, आपल्याच विद्यार्थ्यासमोर, आपल्याच निरक्षर आईकडून पकडली गेली होती. आणि चूक बारीकसारीक नव्हती. टाकी लावण्याआधीची चक्की मी मघाशी याच कानांनी ऐकली होती. तरी माझं वाक्य माझ्या डोक्यात एवढं बसलं होतं, की समोरची चक्की मला ऐकू आली नव्हती.

अमृत हळूच म्हणाला, "बाई, मग एसटी घालू?"

राग आला होता, पण तो अर्ध्यातच विरला. कारण माझ्या लक्षात आलं, की शब्दाचा अर्थ बरोबर सांगणारी बाई या खोलीत एकच आहे, आणि ती माझी आई आहे. मला असं काही वाटलं, की रस्त्यावर जाऊन ओरडून सांगावं.

"पेन दे," मी म्हणाले. माझ्या वाक्यावर मीच आडवी रेघ मारली आणि खाली नवं लिहिलं. मराठीत अर्थ असा: 'दगड गुळगुळीत झाला, की चक्की अनस्मूदली चालते.'

अमृतनं ते वाचलं. पुन्हा वाचलं. "बाई, असं वाक्य कुठल्याच कोशात मिळायचं नाही," तो म्हणाला. "राहू दे हे. खाली तुमचं नाव..."

"माझं नाही. वाक्य ज्याचं, नाव त्याचं. नियम तुझाच आहे ना? मग लिही."

चार महिन्यांनी पुस्तक आलं. नव्याण्णव वाक्यांखाली 'भुवनेश्वरी, शिक्षिका, सोलापूर' असं छापलंय. एका वाक्याखाली आहे: 'मल्लव्वा, टाकीवाली, सोलापूर.'

अव्वानं ते पान मांडीवर घेतलं. "दाव कुटं हाय." मी तिचं बोट नेऊन नावावर ठेवलं. तिनं अंगठा फिरवला, पंजा फिरवला, सवयीनं फुंकरही मारली. "हाताला कायच लागंना की," ती म्हणाली. मग तिनं पान माझ्याकडे सरकवलं. "मोटं करून दे की मला. ह्या भिंतीयेवढं."

मी कॅलेंडरच्या पाठीवर स्केचपेननं तिचं नाव मोठं काढून दिलं. तिनं तो कागद घडी करून पिशवीत टाकीजवळ ठेवला.

पुढच्या टाकीच्या दिवशी मी बरोबर गेले. अव्वानं दोन्ही दगडांची तोंडं केली. शिवशरण दगड बसवायला पुढे झाला, तर म्हणाली, "थांब. वरचा पालथा घाल." आणि पिशवीतून कॅलेंडरचा कागद काढून समोर पसरला.

"मावशी, पाठीला कशाला टाकी?" शिवशरण घाबरला.

"पाठीवर काय दळतोस व्हय रं तू?"

ती बघून-बघून ठोकत होती. दगडाच्या रेघा झरझर मारणारा हात इथे मात्र अडत होता. म सरळ आला. जोडाक्षराला दोनदा थांबली आणि कागदावर बोट ठेवून पुन्हा बघून घेतलं. व्वा काठापर्यंत गेला आणि त्याचा काना जागा न उरल्यामुळे खाली घसरला. एवढ्या पाच-सहा इंचांना तिला पाऊण तास लागला. आयुष्यात पहिल्यांदा ती स्वतःचं नाव लिहीत होती.

मग तिनं हातोडी ठेवली. "बघ गं मास्तरीन. चुकलंय काय?"

मी खाली बसले आणि त्या अक्षरांवरून हात फिरवला. ती तळहाताला टोचत होती. वाकडी होती, रेघ सोडून होती, काना लोंबत होता. माझ्या वर्गातल्या मुलानं असं लिहिलं असतं, तर मी पूर्ण पान पुन्हा लिहायला लावलं असतं.

"एक अक्षर चुकलं नाही, अव्वा," मी म्हणाले.

"मग रडतीस कशाला?" ती म्हणाली, आणि शिवशरणकडे वळली. "बसव दगड. गिऱ्हाईक खोळंबलंय."

शिवशरणनं साखळी सोडली, झाकण लावलं, कळ दाबली. पीठ एका धारेनं पडायला लागलं. झाकणाखाली माझ्या आईचं नाव फिरत होतं.