लोखंडी कपाळ

फुटबॉल क्लबच्या पंचाहत्तरीच्या जेवणात आस्गर व्हीडनं टेबलावर मूठ आपटली, तेव्हा समोरच्या बाईच्या पेल्यातली दारू तिच्या नव्या झग्यावर सांडली. नोरविग गावात पुढे कित्येक दिवस त्या झग्याचीच चर्चा झाली. मूठ का आपटली, हे कुणी विचारलं नाही.

बंदरालगतच्या सभागृहात सगळं गाव लोटलं होतं. हेरिंग मासळी झाली, डुकराचं भाजलेलं मांस झालं, गाणी झाली. मग क्लबचा अध्यक्ष विग्गो उठला. मासे डबाबंद करायचा कारखाना त्याचा, त्यामुळे निम्मं गाव त्याच्या विनोदांवर आपोआप हसायचं.

"आता आपलं लोखंडी कपाळ!" विग्गो गरजला. "आठवतंय ना? भुवई फुटलेली, शर्ट रक्तानं माखलेला, आणि गडी टाके घालून पुन्हा मैदानात! आजकालची पोरं नख तुटलं तरी आईला हाका मारतात. प्रेबेन, ये वर!"

प्रेबेन वर गेला. नऊ हंगाम तो आणि आस्गर बचावाच्या मध्यभागी खांद्याला खांदा लावून खेळले होते. आस्गर एकोणीस वर्षांचा असताना पहिल्या संघात आला, तेव्हा प्रेबेननंच त्याला शिकवलं होतं, "चेंडूकडे बघू नकोस रे गाढवा, समोरच्याच्या कमरेकडे बघ. डोळे थापा मारतात, पाय थापा मारतात, कमरेला ते जमत नाही." आता प्रेबेन अवघा चव्वेचाळीसचा होता. विग्गोनं त्याच्या हातात माईक दिला. तो बराच वेळ लोकांकडे बघत राहिला. मग त्यानं आपल्या बायकोला शोधून काढलं आणि हळूच विचारलं, "गुद्रुन, आज लग्न कुणाचं आहे?"

सभागृह हास्यानं फुटलं. त्यांना वाटलं, गडी थट्टा करतोय. विग्गो तर पोट धरून हसला आणि त्यानं प्रेबेनच्या पाठीवर थाप मारली. गुद्रुन ताटाकडे बघत बसली होती, तिची मान वर होईना. तेव्हा आस्गरची मूठ आपटली.

"हसताय काय, हलकटांनो?" तो ओरडला. "त्याला खरंच आठवत नाहीये!"

मग कुणीतरी म्हणालं, "फाटकाला चढली वाटतं." फाटक हे आस्गरचं गावातलं नाव, बचावात वाट अडवून उभा राहायचा म्हणून पडलेलं. विग्गोनं वादकांना खूण केली आणि पुन्हा गाणी सुरू झाली.

आस्गर कोळ्याचा मुलगा. चौतिशीला आलेला, तीनदा नाक मोडलेला, गुडघे कुरकुरणारा. मधली चार वर्षं जर्मनीत दुसऱ्या श्रेणीत खेळून आला होता. राष्ट्रीय संघाचा लाल शर्ट एकदाच अंगावर चढला, तोही सामन्याच्या शेवटच्या काही मिनिटांपुरता. त्याचं त्याला दुःख नव्हतं. गोल करणाऱ्याचा फोटो छापतात आणि गोल वाचवणाऱ्याच्या कानफटावर चिखल बसतो, हे तो पहिल्या वर्षीच शिकला होता. पण त्या जेवणानंतर त्याच्या डोक्यात एक निखारा जाऊन बसला. प्रेबेनच्या डोक्यावर आदळलेला एकेक चेंडू, एकेक कोपर त्याला आठवू लागलं. दर वेळी स्पंजनं पाणी मारायचे, नाकाशी औषध धरायचे आणि म्हणायचे, "ऊठ, काही नाही झालं." आस्गर स्वतःही तेच म्हणाला होता. सगळेच म्हणायचे.

हंगामाचा शेवटचा सामना जूनमध्ये आला. बरोबरी झाली तरी नोरविग वरच्या श्रेणीत टिकणार होतं, हरलं तर खाली घसरणार होतं. लिमफ्योर्डच्या खाडीवरून असा वारा सुटला होता, की गोलकीपरनं मारलेला उंच चेंडू परत त्याच्याकडेच यायचा. उत्तरार्धात एक-एक अशी बरोबरी होती आणि कोच एर्लिंगनं तिन्ही बदली खेळाडू वापरून टाकले होते. आस्गरला एक पिवळं कार्ड आधीच मिळालं होतं.

समोरच्यांना कॉर्नर मिळाला. आस्गरच्या शेजारी बचावाला आता येप्पे होता. सव्वीस वर्षांचा, नुकतंच लग्न झालेला, मोठा हिमतीचा गडी. चेंडू आला, येप्पे झेपावला, आणि समोरच्या धिप्पाड गड्याचं डोकं त्याच्या कानशिलावर आदळलं. भरला नारळ दगडावर आपटावा तसा आवाज आला. येप्पे सरळसोट पडला. पडताना त्यानं हातही टेकले नाहीत.

मदतनीस धावला. पाणी, स्पंज, नाकाशी औषध. येप्पे उठून बसला, मग उभा राहिला. प्रेक्षकांनी टाळ्यांचा कडकडाट केला.

"बरा आहेस का?" आस्गरनं विचारलं.

"एकदम बरा," येप्पे म्हणाला. मग त्यानं दोन्ही गोलपोस्टांकडे आळीपाळीनं पाहिलं. "आस्गर, आपला गोल कुठला रे?"

आस्गरच्या तळपायाची आग मस्तकात गेली. तो सीमारेषेकडे वळून ओरडला, "एर्लिंग, याला बाहेर घे!"

"वेडा झालास का?" एर्लिंग तिकडून किंचाळला. "बदली खेळाडू संपलेत! थोडाच वेळ उरलाय. त्याला पुढे उभा कर नुसता!"

"त्याला आपला गोल सापडत नाहीये!"

"मग तू दाखव ना! कप्तान कशाला केलाय तुला?"

पंच जवळ आला. "काय करताय? बाहेर जातोय का हा?"

"नाही, नाही, खेळतोय!" एर्लिंगनं दुरूनच अंगठा दाखवला. वर प्रेक्षकांच्या गॅलरीत विग्गोही खुर्चीवरून उठून हात हलवत होता, खेळा, खेळा. मागून कुणीतरी ओरडलं, "लोखंडी कपाळ!" आणि बघता बघता सगळे प्रेक्षक तालावर टाळ्या वाजवत तेच ओरडू लागले. माणसाचं कपाळ लोखंडाचं नसतं, हे त्या हजारो लोकांत एकालाही माहीत नव्हतं की काय, देव जाणे.

आस्गरनं येप्पेच्या काखेत हात घातला आणि त्याला बाहेर चालवायला लागला.

"सोड मला!" येप्पे हिसके देत होता. "सोड म्हणतो ना! तू कोण मला काढणारा?"

"चल गुमान. नाहीतर खांद्यावर टाकून नेतो."

सीमारेषेवर एर्लिंग आडवा आला. त्यानं येप्पेच्या छातीला हात लावून त्याला परत आत ढकललं. आस्गरनं एर्लिंगची कॉलर धरली. मारलं नाही. नुसतं धरलं आणि बाजूला ठेवलं, खुर्ची सरकवावी तसं. मग तो येप्पेला घेऊन थेट कपडे बदलायच्या खोलीकडे चालू लागला. मागून शिट्टी वाजली. परवानगीशिवाय मैदान सोडलं म्हणून दुसरं पिवळं आणि त्यावर लाल. आस्गरनं वळूनही पाहिलं नाही. अंगावर बिअरचे कागदी पेले पडत होते.

आत येप्पेनं बादलीत ओकारी काढली. आस्गर बादली धरून उभा होता. बाहेरून आधी एक शांतता आली आणि मग पाहुण्यांच्या बाजूचा जल्लोष. उरलेल्या नऊ जणांनी गोल खाल्ला होता. नोरविग घसरलं.

इस्पितळातून येप्पे तिसऱ्या दिवशी घरी आला. डॉक्टरनं सांगितलं, मेंदूला हादरा बसला होता, आता ठीक आहे, विश्रांती घे. झालं! गावाला तेवढंच हवं होतं.

"बघा, काहीच झालं नव्हतं," बेकरीतली बाई आस्गरला पाव देता देता म्हणाली. "उगाच बुडवलंस आम्हाला."

"काही झालं असतं तर बरं वाटलं असतं का तुला?"

"तसं कुठे म्हणतेय मी? पण स्वतःला फार शहाणा समजू नये माणसानं."

त्याच्या गाडीच्या काचेवर कुणीतरी माशांची आतडी फासली. क्लबनं करार वाढवला नाही. निरोपाचा सामना नाही, की साधा हार नाही. सगळ्यात जास्त झोंबलं ते येप्पेचं. तो एकदा बंदरावर भेटला आणि तोंड फिरवून जाऊ लागला. आस्गरनं त्याला अडवलं.

"तू माझी नाचक्की केलीस," येप्पे म्हणाला. "सगळ्या गावादेखत. मी खेळलो असतो."

"तुला आपला गोल सापडत नव्हता."

"मला आठवत नाही तसलं काही."

"तेच तर सांगतोय, मूर्खा!"

येप्पे निघून गेला.

उन्हाळा सरता सरता क्लबची वार्षिक सभा भरली. रविवारची सकाळ, गोल पाव, चीज, कॉफी आणि कडू दारूचा एकेक घोट. आस्गर सभासद होता, त्याला कुणी अडवू शकत नव्हतं. त्यानं ठराव मांडला: डोक्याला मार लागलेला खेळाडू खेळणार की नाही, ते डॉक्टर ठरवेल, कोच नाही, अध्यक्ष नाही आणि खेळाडूही नाही.

"आधी आम्हाला वर चढव, मग ठराव मांड!" मागून एकजण ओरडला. लोक हसले.

"प्रेबेन दोन गल्ल्यांवर राहतो," आस्गर म्हणाला. "गेल्या आठवड्यात तो स्वतःच्या दाराची घंटा वाजवून उभा होता. गुद्रुननं दार उघडलं, तर म्हणाला, माफ करा, घर चुकलं. जा, त्याला जाऊन हसा आता!"

कुणी हसलं नाही. विग्गोनं घाईघाईनं विचारलं, "ठरावाच्या बाजूनं कोण?"

गुद्रुनचा हात वर झाला. दोन म्हाताऱ्या सभासदांचे झाले. आणि अगदी कडेला, खाली मान घालून, कोच एर्लिंगनं हात वर केला. ठराव पडला तो पडलाच.

बाहेर सायकलींपाशी एर्लिंग त्याच्या मागे आला. "आस्गर, ऐक. त्या दिवशी माझी नोकरी जाणार होती. मला दोन पोरं आहेत. मी घाबरलो. आज मात्र मी हात वर केला, तू पाहिलंस ना?"

"पाहिला."

"मग?"

"मग काय? वरातीमागून घोडं!" आस्गरचा आवाज चढला. "तो हात तेव्हा येप्पेच्या छातीवर होता, एर्लिंग. आत ढकलत होता त्याला. आज वर करून काय आकाशाला भोक पाडणार आहेस?"

"आयुष्यभर असाच चिडून राहणार आहेस का तू?"

"हो," आस्गर म्हणाला. "कुणीतरी राहायला हवं."

त्यानं सायकल काढली. गुद्रुन दारातून बाहेर आली होती. तिला घाई होती, प्रेबेन घरी एकटा होता. आस्गर सायकल हातात धरून तिच्यासोबत पायी चालू लागला.