कॅमेरा इकडे, स्टँड तिकडे

अकोल्याचे फारुख आणि देवमन अकरा वर्षं भागीत लग्नाच्या कॅसेटी काढत. फारुख कॅमेऱ्यावर, देवमन लाइटवर. बिघडलं ते एका बिदाईत. नवरी बापाच्या गळ्यात पडून रडायला लागली आणि देवमननं लाइटच बंद केला.

"लेकीच्या रडण्यावर एवढा उजेड कायले, फारुखभाई?"

"अबे, लोक रडणंच तर पाह्यतेत. मंगलाष्टकं पुढे पळवतेत."

बोलचाल बंद झाली. भावाभावांत वावर वाटावं तशी वाटणी झाली: फारुखला कॅमेरा, देवमनला लाइट आणि कॅमेऱ्याचं स्टँड. कापसाला भाव नसल्यानं त्या साली लग्नं निम्मीच होती. त्यांतही फारुखनं हातात धरून काढलेली कॅसेट पाहून नवरीची आई विचारायची, "मांडवात भूकंप झाल्ता का, भाऊ?" देवमन परत यावा असं फारुखला फार वाटे, पण ते बोलून दाखवायची दोघांत पद्धत नव्हती.

अशात अमरावतीच्या एका कॉलेजानं प्रायोगिक लघुपटांची स्पर्धा ठेवली. विषय: माणसांचं जुळणं आणि तुटणं. अट: गोष्ट नको, संवाद नको, अर्थ शक्यतो टाळावा. फारुखकडं असा माल तयारच होता. त्यानं एक बिदाई पाठवली.

पडद्यावर ती चार मिनिटं थरथरली. पुण्याचे परीक्षक हळूच म्हणाले, "हा कंप कमावलेला आहे."

पुढची फिल्म देवमनची निघाली. जावयाचा कॅमेरा मागून त्यानं सहा मिनिटं एकच वस्तू दाखवली होती: भर उजेडात उभं रिकामं स्टँड. मध्ये एक माशी बसली. तीही उडून गेली.

"ईश्वराचं रिकामं सिंहासन," परीक्षक म्हणाले. देवमन बौद्ध, तो सभ्यपणे गप्प राहिला. फारुखनं मात्र चष्मा पुसला.

"तुमच्या फिल्ममधला कंप कुठून आला?" परीक्षकांनी त्याला विचारलं.

"स्टँड याच्याजवळ हाये, साहेब."

सभागृह हसलं. मागून देवमन बोलला, "मंग घिऊन जा न. मी काय त्याच्यावर धोतर वाळवून राहिलो?"

"एकटं स्टँड नेऊन काय करू?"

देवमन उठून पुढं आला. "बिदाईले लाइट बंद राहीन."

"राहू दे."

पुढच्याच आठवड्यात मूर्तिजापूरला लग्न होतं. कॅसेट पाहताना नवरीचे वडील पंजाबराव बिदाईपाशी अडले. पडदा काळा, नुसते हुंदके.

"इथं तं काईच दिसून नाई राहिलं."

"फिल्मच तशी हाये, काका," फारुख गंभीरपणे म्हणाला. "अमरावतीले वाखाणली."

तेवढा काळा भाग मात्र पंजाबरावांनी तीनदा मागं घ्यायला लावला.