बेचाळीस ओव्यांची राखण

केंदूरच्या साळूबाईंनी सुनेच्या मोबाइलवर बेचाळीस ओव्या गायल्या, त्या एका अटीवर. जात्यावर बाई जे बोलते, ते घरातल्या गडीमाणसांच्या कानी जायचं नाही. त्यातल्या एका ओवीत तर त्या तरणेपणी घर सोडून शिरूरच्या एसटी स्टँडपर्यंत गेल्या होत्या आणि तशाच माघारी आल्या होत्या. त्यांच्या नवऱ्याला, आबांना, हे अजून ठाऊक नाही.

सगळ्या ओव्या सुनेच्या, नीलमच्या, व्हॉट्सॲपवर होत्या आणि मोबाइल कधीही बंद पडेल असा. त्या ऑनलाइन ड्राइव्हवर ठेवायच्या होत्या, म्हणून रांजणगावच्या कंपनीत तिच्यासोबत शिफ्ट करणाऱ्या तेजश्रीने एक एक्स्टेंशन सुचवलं. लॅपटॉपच्या ब्राउझरला जोडायचं, एका क्लिकमध्ये सगळं वर. लाखभर लोक वापरतात, तुझ्याच घरात काय सरकारी खजिना हाय का, असं वर चिडवलंही.

रविवारी दुपारी ओसरीवर साळूबाई शेंगा फोडत होत्या. नीलमचं बोट ‘जोडा’पाशी थबकलं. परवानगी मागणाऱ्या चौकटीत लिहिलं होतं, तुम्ही उघडाल त्या प्रत्येक वेबसाइटवरचं सगळं वाचणार, बदलणार. तिने बनवणाऱ्याचा पत्ता शोधला, तर नुसता ईमेल. रेटिंगच्या चांदण्या साडेचार, पण अलीकडे मालक बदलला आणि भलत्या जाहिराती सुरू झाल्या, असं दोघातिघांनी लिहिलेलं. तरी एकेक ओवी उतरवून चढवायचा कंटाळा मन ओढत होता. शेवटी तिने सासूलाच सगळं सांगितलं.

“जात्याचा दगड गुळगुळीत झाला की त्याला टाकी द्यायला माणूस यायचा,” साळूबाई म्हणाल्या. “अंगणात बसायचा, दगड ठोकायचा, जायचा. एकदा नवाच आला. म्हनला, मावशी, घराच्या किल्ल्या द्या. पाणी पाजलं आन् वाटंला लावला.”

“पण त्यानं काय नेलं असतं, आत्याबाई?”

“ते कशाला बघत बसू? टाकीला किल्ली लागत न्हाई.”

नीलमने चौकट बंद केली. मग एकेक ओवी वाजवायची, नाव द्यायचं, चढवायची. साळूबाई ऐकत होत्या, मधेच स्वतःच्याच आवाजाला हसत होत्या. स्टँडची ओवी लागली तशी शेंग हातातच राहिली.

“ही नको चढवू. पुसून टाक.”

नीलमला ते जिवावर आलं.

“आदी पाठ कर,” साळूबाई म्हणाल्या, “मग पूस.”

एक्केचाळीस वर गेल्या. चुलीपुढं भाकरी थापताना नीलम हळूच गुणगुणली,

शिरूरच्या स्टँडावर उभी मी पहाटंची,
गाडी पुढल्या गावाची, ओढ मागल्या पाळण्याची.

“पाळण्यापाशी जरा थांबायचं,” साळूबाई म्हणाल्या. “तिथं घाई करू नको.”