एकहार्टचं एक वाक्य

मित्रांनो, जुन्या रंगपेटीला कुणी वय विचारत नाही. झाकण उघडतात आणि वास घेतात. घ्या. अजून मेणाच्या रंगांचाच येतो.

अंक पहिला.

जर्मनीतल्या लाइपझिगच्या एका सुताराने मला घडवलं आणि एकहार्ट नावाच्या तरुण नटाने घेतलं. माझ्यातल्या रंगांनी तो राजा झाला, भिकारी झाला. लोक उभे राहून टाळ्या वाजवत. घरी गेल्यावर तो आधी मला पुसायचा, मग स्वतःचा चेहरा.

अंक दुसरा. (लहान आहे.)

नाटकगृह बंद पडलं. तो मुलीकडे अमेरिकेत, ॲन आर्बरला आला. इथल्या दिग्दर्शकांना त्याचे उच्चार तेवढे ऐकू आले. भूमिका मिळायची ती एकच: जर्मन शिपाई, एक आरोळी, मग गोळी. पुढे तेही नाही. मी कपाटात.

अंक तिसरा.

शेजारी पीएचडी करणारी देवयानी राहायची. एकदा म्हणाली, "काका, आमच्या मंडळाच्या गणपतीत मी नाटक बसवतेय. फॉरेनर डॉक्टर हवाय. एकच वाक्य, पण मराठीत हं!"

"काळजी नको, ताप उतरला." उन्हाळाभर तो हे खिडकीला सांगत होता, बसच्या ड्रायव्हरलाही.

प्रयोगाच्या दिवशी त्याने मला उघडलं. भुवई सरळ उमटली. त्याच्या देशात रंगमंचावर जाणाऱ्याला शुभेच्छा म्हणून त्याच्या खांद्यावरून थू थू थू करतात. त्याने आभार मानायचे नसतात, नाहीतर प्रयोग बुडतो. देवयानीने आठवणीने थू थू थू केलं. तो इतका हरखला, की म्हणाला, "धन्यवाद!"

विंगेत मंडळाचे प्रल्हादकाका घड्याळ बघत होते. "अगं, हॉल सोडायचाय! भाषणं लांबली, मसालेभात गार होतोय. डॉक्टरचा सीन कट कर."

"काका, ते रंग लावून बसलेत."

"नेक्स्ट इयर मोठा रोल देऊ ना यार!"

(इथे एकहार्टचा प्रवेश होता.)

पडदा पडला. टाळ्या ऐकून तो उठला, कोट नीट केला. "आता?"

देवयानीने मान खाली घातली. "सॉरी काका. सीन कट झाला."

त्याने कोटाचं बटण सोडलं. मग इंग्रजीत म्हणाला, "मी आभार मानले ना. म्हणून."

मसालेभाताचं त्याला सांगणं तिला जमलं नाही.

तो रंग न पुसताच जेवला. मुलांनी त्याच्यासोबत फोटो काढले.

पुढच्या गणपतीच्या आधी मोठी भूमिका घेऊन प्रल्हादकाकांचा फोन आला. तो एकहार्टच्या मुलीने उचलला; बाबा आता नाहीत, म्हणाली. मग मी देवयानीकडे आले.

मित्रांनो, मला पुसलं नाहीत तरी चालेल. पण कुणी रंग लावून बसलं असेल, तर त्याला आधी आत सोडा. भात पुन्हा गरम करता येतो.