लोट्यातलं मीठ

जालमसिंहाला संशय घ्यायला फार काही लागत नसे. शेजाऱ्याने हसून रामराम केला तरी हा घरी येऊन कोंबड्या मोजायचा. त्यात तुलारामच्या दारात पाणीखात्याच्या ज्युनियर इंजिनियर साहेबांची जीप दिसली, मग तर विचारायलाच नको.

तुलाराम त्याचा चुलतभाऊ, वयाने मोठा. दोघंही गिरी नदीकाठच्या सरकारी पंपघरात रोजंदारीवर होते. डोंगरावरच्या गावाला पाणी चढवता चढवता जालमच्या मिशा पांढऱ्या झाल्या, नोकरी मात्र कच्चीच. नोकरी सलग धरली जाऊ नये म्हणून खातं दरवर्षी त्यांना थोडे दिवस घरी बसवायचं. गाव तहानलेलं राहील म्हणून हे दोघे तेव्हाही फुकट पंप चालवायचे. शेवटी वैतागून दोघांनी शिमल्याच्या हायकोर्टात दावा लावला, आम्हाला कायम करा.

त्याआधी शिरगुल देवतेच्या अंगणात दोघांचा लूण-लोटा झाला, दावा कुणीच मधे सोडायचा नाही अशी शपथ. पाण्याच्या लोट्यात एकेक चिमूट मीठ टाकायचं आणि म्हणायचं, शब्द फिरवला तर माझं घर असंच विरघळो. उद्या तुलारामच फिरला तर आपण का बांधून घ्यायचं, असं जालमच्या मनात आलं. त्याने हात लोट्यावर नेला, शब्द बोलला आणि मीठ मुठीतच ठेवलं. मग गुपचूप पायजम्याला हात पुसला. आपण फार शहाणपणा केला असं त्याला वाटलं.

आणि आता ही जीप.

“साहेब सिडकू खाऊन गेला म्हणे तुझ्याकडे,” त्याने पंपघरात तुलारामला छेडलं.

“वाफेवरून उतरतील तसे खाल्ले की. वर तूप मागितलं. पोट आहे का पाण्याची टाकी, देव जाणे.”

“म्हणाला काय?”

“दावा मागे घे म्हणाला. मी म्हटलं, साहेब, अजून एक सिडकू घ्या.”

तुलाराम हसला. जालमला ते हसणं मुळीच आवडलं नाही. ज्याने तोंडावर नकार दिला, त्याच्या घरी कुणी तूप मागून खाईल का?

“अहो, दादाजींवर संशय घेताय?” घरी सुंदला, जालमची बायको, चिडली. “तुम्ही अंथरुणाला खिळला होता तेव्हा तुमची पाळी कुणी केली?”

“तेच तर. इतकं चांगलं कुणी उगाच वागतं का?”

पुढच्या आठवड्यात साहेबांनी जालमलाही बोलावलं. बसायला खुर्ची दिली, चहा मागवला. “तुला म्हणून सांगतो. दावा सोडेल त्याचं नाव कायम करायला आम्हीच वर पाठवू. पण जागा एकच आहे. तुलाराम तयारच बसलाय. तो आधी आला तर मग माझ्याकडे रडत येऊ नकोस.”

जालमला वाटलं, म्हणजे आपला संशय खराच होता. त्याने दावा मागे घेतल्याच्या कागदावर सही ठोकली. शपथेचं भय कसलं? मीठ कुठे टाकलं होतं त्याने?

सफरचंदं उतरायच्या सुमारास निकाल लागला. कोर्टाने तुलारामला कायम करायला सांगितलं. जालमने स्वतःच दावा सोडलेला, त्याला कोण विचारणार? साहेबांची तोवर बदली झाली होती. नव्या साहेबाने त्याला खुर्चीसुद्धा दिली नाही. “कसलं नाव? कुणी पाठवलं?”

जालमला स्वतःची इतकी लाज वाटली की तो घराबाहेर पडेना. शेवटी तुलारामच आला. ओट्यावर बसला. सुंदलाने ठेवलेल्या चहाला त्याने हात लावला नाही.

“घाल शिव्या, दादा,” जालम म्हणाला. “पण देवाचं भय दाखवू नकोस. मी मीठ टाकलंच नव्हतं.”

“ठाऊक आहे. तुझी मिटलेली मूठ मी पाहिली होती.”

“मग तेव्हाच का बोलला नाहीस?” जालमने विचारलं.

“वाटलं, घाबरला असेल. म्हणून तुझ्या वाटची चिमूट मीच टाकली. माझा भाऊ फिरणार नाही, असं देवाला मनातल्या मनात सांगितलं.” तुलारामने टोपी काढून मांडीवर ठेवली. “उद्या पक्क्या नोकरीवर हजर व्हायचंय आणि पाय उचलत नाही. नातू कालपासून तापाने फणफणलाय. ते मीठ माझ्या हातचं आहे, जालम. आता कुणाचं घर विरघळायचं?”

जालम उठून आत गेला. मिठाच्या मडक्यातून त्याने मूठभर मीठ घेतलं. “चल देवळात. माझं मी माझ्या अंगावर घेतो.”

तुलारामने त्याच्या मिटलेल्या मुठीकडे पाहिलं.

“चल,” तो म्हणाला. “पण या वेळी तुझा हात मी धरणार.”